ती रशियन नव्हे, लिथुआनियन

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीतला जागतिक सिनेमावरचा लेख आवडला. पण 'बर्न्ट बाय द सन'मध्ये मारूस्या झालेल्या इंगेबोर्गा दाप्कुनाइतेला त्यात 'रशियन नटी' म्हटले आहे आणि चित्रपटही सोव्हिएत ठरवला आहे. दोन्ही चूक. त्याची गोष्ट १९३६ सालची असली, तरी चित्रपट निघाला १९९४ मध्ये. तेव्हा सोव्हिएत संघच उरला नव्हता.

दाप्कुनाइते १९६३ साली व्हिल्नियसला, म्हणजे तेव्हा सोव्हिएत संघात असलेल्या लिथुआनियाच्या राजधानीत, जन्मली. ती लिथुआनियाची, हे तर तिच्या आडनावातच वाचता येते. लिथुआनियात बाप दाप्कुनास, तर लेक दाप्कुनाइते. लग्नानंतर शेपूट पुन्हा बदलायचे, अशी जुनी रीत. (ही भाषा आपल्याला अगदीच परकी नाही. मुलगा म्हणजे 'सूनुस', देव म्हणजे 'दिएवास', आणि विस्तव म्हणजे 'उग्निस'! संस्कृतच्या मास्तरांना सांगून पाहा.)

अभिनय ती लिथुआनियातच शिकली आणि पडद्यावर आली तीही लिथुआनियन चित्रपटातून, १९८४ साली. दिग्दर्शक होता रायमुंडास बानियोनिस, म्हणजे तारकोव्हस्कीच्या 'सोलारिस' या सोव्हिएत चित्रपटाच्या नायकाचा, दोनातास बानियोनिसचा मुलगा. या थोरल्या बानियोनिसची कथा ऐका. 'सोलारिस' त्याच्या चेहऱ्यावर उभा आहे, पण त्यात ऐकू येतो तो आवाज दुसऱ्याच नटाचा. बाल्टिक (लिथुआनिया, लाटविया, एस्टोनियाच्या) नटांच्या वाट्याला हे बऱ्याचदा येई. चेहरा हवा, उच्चार नको. मॉस्को-लेनिनग्राडच्या स्टुडिओंना जर्मन अधिकारी किंवा अमेरिकन उद्योगपती लागला, की या मंडळींना बोलावणे जायचे. घरचेच परदेशी! हे सगळे 'रशियन' या एका शब्दाखाली झाकले जाते, म्हणून हा पत्रप्रपंच.

दाप्कुनाइतेला अख्ख्या सोव्हिएत संघात ओळख मिळाली ती १९८९ च्या 'इंटरगर्ल'मुळे. लेनिनग्राडच्या हॉटेलांत परदेशी गिऱ्हाइके गाठणाऱ्या मुलींपैकी ती एक. नायिका दुसरीच होती, तरी ही लक्षात राहिली. पुढच्याच वर्षी, ११ मार्च १९९० रोजी, लिथुआनियाने स्वातंत्र्य जाहीर केले. म्हणजे सोव्हिएत नटी म्हणून तिची कारकीर्द जेमतेम सहा-सात वर्षांची. ऑस्कर मिळवणारा 'बर्न्ट बाय द सन' त्यानंतरचा.

लेखकाने तो चित्रपट शेवटपर्यंत पाहिला असेलच. पडद्यावर अखेरीस प्रत्येकाचे पुढे काय झाले ते उमटते. मारूस्याला दहा वर्षांची शिक्षा झाली आणि १९४० मध्ये ती छावणीत वारली. लिथुआनिया सोव्हिएत संघाला जोडला गेला तोही १९४० मध्येच.

दुरुस्ती छापावी, ही विनंती.

– एक जुना वाचक, सांगली