ठण आणि बद्द

ती. अण्णा आणि आई,

साष्टांग नमस्कार.

रोज फोन होतो, मग पत्र कशाला, असं आई तू म्हणशीलच. पण फोनवर अण्णा "मी मजेत, तुझं सांग" एवढं बोलून फोन तुझ्या हातात देतात, आणि तुझ्या गल्लीतल्या बातम्या संपायच्या आत माझी कंपनीची गाडी खाली येऊन हॉर्न वाजवते. शिवाय एक गोष्ट कबूल करायची आहे. दोन वर्षं झाली, तोंडातून निघत नाही.

आधी चांगली बातमी परत सांगते, कारण अण्णांनी ती नीट ऐकली नसावी. या महिन्यापासून विमानं दुरुस्त करतो त्या हँगरमधली रात्रपाळी माझ्याकडे आहे. चौदा जणांचं काम, आणि शेवटची सही माझी. पेढे वाटताना एका नव्या पोराने विचारलं, "मॅडम, तुम्ही विमानाभोवती एक चक्कर मारता आणि नेमकं तेच तुम्हाला दिसतं. हे शिकलात कुठे?" मी कॉलेजचं नाव सांगून मोकळी झाले. घरी येताना मात्र मनाशी म्हटलं, अगं, कुंभाराच्या दुकानात शिकलीस ना तू!

आठवतं आई? दर उन्हाळ्यात इगतपुरीच्या बाजारात माठ घ्यायला जायचो. तू एकेक माठ उचलून उलट्या बोटांनी वाजवायचीस. ठण वाजला तर बाजूला, बद्द वाजला तर परत. कुंभार वैतागायचा, मला तर लाजेनं मेल्यासारखं व्हायचं. तुला जो बद्द ऐकू यायचा तो मला सगळ्यांसारखाच वाटायचा.

आणि अण्णा, मी चौथीत असताना तुम्ही मला एकदा बीटवर, म्हणजे रोज पायी तपासायच्या तुमच्या रुळांच्या टप्प्यावर, नेलंत. नियमात नव्हतं, म्हणून पहिल्या वळणापर्यंतच. खांद्यावर हातोडा आणि पाना, काखेत लाल-हिरवी झेंडी, पिशवीत फटाके. ते फटाके दिवाळीचे नाहीत, हे कळल्यावर मी रुसले होते. पुढे काही धोका दिसला तर ६०० मीटरवर एक आणि १२०० मीटरवर तीन रुळाला लावायचे, म्हणजे चाकाखाली फुटून ड्रायव्हर सावध होतो, हे तुम्ही मला समजूत घालण्यासाठी सांगितलंत. जाताना एक रूळ बघायचा, येताना दुसरा. हातोडा तुम्ही मारत नव्हता, नुसता टेकवल्यासारखा करत होता. ठण. ठण. ठण. मग तुम्ही थांबलात, दोन पावलं मागे आलात, त्याच चावीवर, म्हणजे रूळ जखडून धरणाऱ्या पाचरीवर, परत हातोडा टेकवलात आणि आईच्याच आवाजात म्हणालात, "हा माठ फुटका आहे." चावी ठोकून घट्ट केलीत आणि पुढे निघालात. एवढंच. पण त्या दिवशी मला पहिल्यांदा बद्द ऐकू आला.

घाटात ३७ फुटांत एक फूट चढ, कसाऱ्याहून मागे बँकर, म्हणजे ढकलणारं जादा इंजिन, लावल्याशिवाय तेव्हा गाडी वर यायची नाही. अशा उतारावर एक ढिली चावी म्हणजे काय, हे तुम्ही कधी घाबरवून सांगितलं नाहीत. पावसाळ्यात गस्तीवरून पहाटे भिजून यायचात, मी विचारायचे, "आज काय केलंत?" तुम्ही म्हणायचात, "काही नाही." १३ मीटरचा रूळ ४० अंशांनी तापला तर साधारण ६ मिलिमीटर वाढतो, हे मी पुढे पुस्तकात शिकले. तुम्ही सांध्याच्या फटीत नख घालून सांगायचात, आज किती तापलाय ते.

तेव्हा मला तुमचा थोडा रागही यायचा. शेजारच्या क्वार्टरमधल्या काकांना एका जुलैत रुळावर दरड दिसली, त्यांनी गाडी थांबवली, साहेबांच्या हातून बक्षीस मिळालं, टोपी घालून फोटो निघाला. मी तुम्हाला विचारलं होतं, "तुम्हाला कधीच का दरड सापडत नाही?" तुम्ही हसलात. "सापडू नये म्हणून तर हिंडतो." ३४ वर्षांत तुमचं नाव एकदाही पेपरात आलं नाही. आता मी तेच काम करते. माझी रात्र चांगली गेली म्हणजे सकाळी काहीही झालं नाही, आणि न झालेल्या गोष्टीचा फोटो निघत नाही.

आईच्या टाचण्या तर मी रोज मोजते. ब्लाऊज शिवून झाले की तू मशीन झाकायच्या आधी डबीतल्या चाळीस टाचण्या मोजायचीस. एकोणचाळीस भरल्या तर लोहचुंबक घेऊन फरशीवर बसायचीस. "लोकांची लेकरं रांगतात इथे." भूक लागली म्हणून मी भोकाड पसरलं तरी तू उठायची नाहीस. आमच्या हँगरमध्ये भिंतीवर टूलबोर्ड असतो. प्रत्येक पान्याच्या, प्रत्येक पक्कडीच्या आकाराची जागा त्यावर रंगवलेली. काम संपलं की सगळी हत्यारं जागेवर, आणि एक जरी आकार रिकामा दिसला तर ते विमान सोडायचं नाही.

आता कबुली.

दोन वर्षांपूर्वीची पहाट, पावणेचार वाजलेले. सहा वाजता विमान निघणार होतं. बोर्डावर दहा नंबरच्या सॉकेटची, म्हणजे नट-बोल्ट फिरवायच्या टोपीसारख्या पान्याची, जागा रिकामी. काम मी केलं होतं, सॉकेट माझ्या नावावर होता. खिसे बघितले, ट्रॉली बघितली, जमिनीवर पालथी पडून बघितलं. बाजारात तो शे-दीडशेला मिळतो. आणि माझ्या लॉकरमध्ये अगदी तसाच एक पडलेला होता.

मी तो आणून बोर्डावर ठेवला.

दहा मिनिटं तो तिथे होता. बोर्ड भरलेला दिसत होता, कोणी विचारलं नसतं. मी चहा घ्यायला गेले आणि कप तोंडाला लावता येईना. काही थोर विचार मनात आला असं नाही हो. आई, तू फरशीवर बसलेली दिसलीस, मागून कुकरची शिटी होते आहे आणि तू "गॅस बंद कर गं" म्हणते आहेस, पण उठत नाहीस. मी परत गेले, सॉकेट काढला आणि इनचार्जना सांगितलं की एक हत्यार गहाळ आहे. बंद केलेली झाकणं पुन्हा उघडली. चाकं जिथे आत जाऊन बसतात त्या कोठडीत, एका नळीमागे तो टेकून बसला होता. विमान दोन तास उशिरा गेलं. मला लेखी समज मिळाली, ती योग्यच होती. त्या दहा मिनिटांबद्दल मात्र मी आजपर्यंत कोणाला सांगितलेलं नाही. तुम्हालाच पहिल्यांदा.

लोक मला पुढे गेलेली, यशस्वी वगैरे म्हणतात तेव्हा मला ती दहा मिनिटं आठवतात. नजर तुमच्या दोघांकडून आली, पण ती रोज वापरावी लागते. एका रात्री वापरली नाही तर पुढच्या रात्री तिला गंज चढलेला असतो.

नव्या मुलांना मी एक खरी घटना सांगते, ती तुम्हालाही सांगते, कारण तिचं तुमच्याशी काम आहे अण्णा. १० जून १९९०. ब्रिटिश एअरवेजचं विमान बर्मिंगहॅमहून स्पेनमधल्या मालागाला निघालं आणि चढत असतानाच पायलटसमोरची काच उडाली. कॅप्टन कमरेपर्यंत बाहेर ओढला गेला. आतल्या लोकांनी त्याचे पाय धरून ठेवले, दुसऱ्या पायलटने साउदॅम्प्टनला विमान उतरवलं. सगळे वाचले, कॅप्टनसुद्धा. ती काच उड्डाणाच्या २७ तास आधी, रात्रपाळीत बदललेली होती. ९० बोल्ट, त्यातले ८४ व्यासाने बारीक. किती बारीक? ०.६६ मिलिमीटर. काम करणारा नवशिका नव्हता, अनुभवी माणूस होता. माणसं कमी होती, उजेड कमी होता, आणि त्याने जुना बोल्ट हातात धरून त्याच्यासारखे दिसणारे बोल्ट उचलले. स्टोअरमधल्या माणसाने योग्य नंबर सांगितलाही होता. जवळचं बारीक वाचायला त्याला चष्मा लागायचा, आणि त्या कामाच्या वेळी चष्मा डोळ्यांवर नव्हता.

आता दिवाळीतलं ऐका.

मी चार दिवस घरी होते आणि तुम्हाला वाटलं मी नुसती झोपा काढतेय. अण्णा, तुम्ही पेपर पूर्वीसारखा तासभर हातात धरता, पण पान उलटत नाही. चहा गाळताना कपाच्या बाहेर जातो. मागच्या दाराच्या पायरीला दोनदा तुमचा अंगठा ठेचला. आणि तुमच्या बीपीची गोळी पांढरी, गोल. साखरेचीही पांढरी, गोल. तुम्ही पट्टी हाताच्या अंतरावर धरून, बोटांनी चाचपून गोळी काढता. मी मोजल्या. बीपीच्या सहा उरायला हव्या होत्या, नऊ होत्या. साखरेच्या तीन कमी. त्याच आठवड्यात तुम्हाला दोनदा घेरी आली आणि तुम्ही ऑक्टोबरच्या उन्हाला बोल लावलात.

त्या रात्री मी साखरेच्या गोळ्यांच्या डबीला लाल दोरा बांधला आणि आईला सांगितलं. तुमच्याशी बोलले नाही, कारण तुम्ही "डोळ्यांना काही झालेलं नाही" म्हणाला असता आणि मी भांडले असते. ज्या माणसाला सहा किलोमीटरच्या बीटमधली एक ढिली चावी कळायची, त्याने स्वतःच्या डोळ्याला हातोडा लावून बघू नये, याचा मला राग आला होता. अजून आहे.

आणि आई, तू सुटलीस असं समजू नकोस. सुईत दोरा ओवायला तू शेजारच्या पोरीला हाक मारतेस ते मी पाहिलं. जिना उतरताना उजवा पाय आधी टाकतेस आणि मग डावा त्याच पायरीवर आणतेस, तेही पाहिलं. "काही नाही गं, सवय," म्हणालीस. या घरात "काही नाही" हा शब्द जरा जास्तच वापरला जातो.

तर १४ तारखेपासून मी आठवडाभराची सुट्टी टाकली आहे. अण्णांच्या डोळ्यांसाठी नाशिकला १५ ची वेळ घेतली आहे. मोतीबिंदूच असावा असं मला वाटतं, पण ते डॉक्टर बघून सांगतील. आईचा गुडघा त्याच फेरीत. पायरीच्या कडेला पिवळी पट्टी मारायची आहे, रंग मी इथून आणते, तुम्ही घेऊ नका, तुम्ही स्वस्तातला घ्याल. जिन्यातला बल्ब गेलाय तोही मीच बदलेन. अण्णांनी त्यासाठी स्टुलावर चढू नये, हे आई तू बघ.

आणि लाल दोरा तोडला नसेल ना? तोडला असेल तर परत बांध.

दुपारच्या गाडीने निघते. कसाऱ्याला बँकर लागेपर्यंत गाडी थांबते तेवढ्यात फोन करीन. अण्णांना स्टेशनवर पाठवू नकोस, मी रिक्षाने येते. चहा मात्र तेव्हाच टाक, आणि गाळायला मी येईपर्यंत थांबा.

तुमची,
धाकटी