भायखळ्याला ऐकू येत नाही

प्रिय नान्या,

आठ महिने पत्र नाही, तुझे दोन फोन उचलले नाहीत. त्याबद्दल शिव्या देऊन झाल्या असतील तर पुढे वाच. तब्येत ठीक. बीपीची अर्धी गोळी आता पूर्ण झाली, एवढंच. लिहायला बसलो ते वेगळ्याच कारणानं. घरात सांगितलं तर हसतील. तूही हसशील, पण तुझा तो हक्क आहे.

गेल्या रविवारी ओव्हलवर सातवीची सव्वीस पोरं बसवली होती, समोर राजाबाई टॉवर. माझं नेहमीचं कीर्तन चालू. शेअरबाजारातले शेटजी प्रेमचंद रायचंद, त्यांची आई अंध, कडक जैन, चोविहार पाळणारी. सूर्यास्ताआधी जेवायचं तर वेळ कशी कळणार? म्हणून लेकानं २८० फुटांचा मनोरा बांधला आणि त्यात ठोके देणारं घड्याळ बसवलं. इथं मी जरा थांबतो, तुला माहीतच आहे. तेवढ्यात दोन वेण्यांची एक मुलगी म्हणाली, "काका, त्यांच्या घरी सांगायला कुणीच नव्हतं का?"

पोरं फिदीफिदी हसली. मी म्हटलं, "छान प्रश्न." मास्तर असं म्हणाला की त्याला उत्तर येत नसतं, हे तीस वर्षं खडू झिजवल्यावर मला तरी कळतं.

रात्री झोप नाही. शेटजी राहायचे भायखळ्याला, हे मला गेली कित्येक वर्षं ठाऊक आहे. आणि मनोरा फोर्टात, हेही ठाऊक आहे. दोन्ही गोष्टी एकाच डोक्यात शेजारी शेजारी राहत होत्या, पण एकमेकींशी कधी बोलल्या नाहीत. सोमवारी संध्याकाळी मी चक्क भायखळा स्टेशनाबाहेर जाऊन उभा राहिलो, कान देऊन. सहा वाजले. लोकलची घोषणा, बेस्टच्या ब्रेकची किंकाळी, कुणीतरी कुणाला तरी आईवरून शिवी दिली. एका टॅक्सीवाल्यानं विचारलं, "बसायचं का?" मी म्हटलं, "नाही, ऐकतोय." तो काच वर करून निघून गेला. त्या काळी शांतता होती हे धरून चालू, तरी पाचेक किलोमीटरवरचे ठोके मोजत म्हातारी बसली असेल?

आणि चोविहाराला घड्याळ हवं कशाला? सूर्यास्त रोज सरकतो. सगळं घरच उजेडात जेवून घेणार, आजींना हाक मारली की झालं. त्या घंटांवर म्हणे सोळा सुरावटी वाजायच्या, त्यात इंग्रजांचं राष्ट्रगीतसुद्धा. ते ऐकून त्यांनी पानावर बसायचं होतं की उठून उभं राहायचं होतं?

थांब, हसू नकोस. हे सगळं तू एकोणऐंशी साली म्हणाला होतास, त्याच टॉवरला लागून असलेल्या विद्यापीठाच्या ग्रंथालयात, वर खिडकीजवळच्या आपल्या टेबलावर. ओव्हलकडून ऊन उतरायला लागलं की रंगीत काचांचा लाल-निळा डाग वहीवरून सरकत यायचा आणि तुझ्या नाकावर पोचला की आपण चहाला उठायचो. त्या दिवशी उठलो नाही. तू म्हणालास, आईबिई काही नाही, तेजीचा पैसा आहे. अमेरिकेत यादवी, लँकेशायरला कापूस मिळेना, मुंबईत रुपये वाहायला लागले, त्यातले चार लाख इथं सांडले. मी तुला कोरडा मुनीम म्हणालो. बाईंनी दोघांनाही बाहेर काढलं. मग तीन आठवडे अबोला.

आता कागद घेऊन बसलो तर तुझंच खरं निघतंय, मुनीम. निदान पाऊण. १८६४ साली आधी दोन लाख दिले ते ग्रंथालयाला. त्या पत्रात आई नाही, ठोके नाहीत. शहराला शोभा यावी आणि पुढच्या कित्येक पिढ्यांच्या विद्वानांच्या ग्रंथांचं कोठार व्हावं, एवढीच इच्छा. मनोऱ्याचे दोन लाख मागाहून दिले, आणि नाव आईचं, राजाबाईचं. कलकत्ता विद्यापीठालाही दोन लाख दिलेच की, तिथं कुणाची आई जेवायची थांबली होती? पुढं यादवी संपली, १ जुलै १८६५ ला वायदे चुकते करायचा दिवस उजाडला, बाजार बसला आणि शेटजी धुळीला मिळाले. गंमत बघ, पायाचा दगड बसला मार्च १८६९ मध्ये. गिल्बर्ट स्कॉटनं लंडनला बसून नकाशे काढले, मुंबईत पाऊल टाकलं नाही. काम पुरं झालं १८७८ मध्ये. म्हणजे बुडालेला माणूस जवळजवळ दहा वर्षं आपल्याच श्रीमंतीचा मनोरा चढताना बघत होता. ही गोष्ट मी एकाही पोराला कधी सांगितली नाही. आंधळ्या आईपुढं ती सुचलीच नाही.

ग्रंथालयाचं तर मी नावच घेत नाही, याची खरी लाज वाटते. तू ज्याला 'परीक्षेचं दुकान' म्हणायचास ते विद्यापीठ खरंच तसंच होतं. १८५७ ला स्थापना, पण स्वतःचा एक वर्ग नाही. १८६२ ला पहिले बी. ए. झाले ते चौघे, रानडे, भांडारकर, मोडक, वागळे. शिकवणार कॉलेजं, विद्यापीठ फक्त पेपर तपासणार. स्वतःचे विभाग निघाले ते १९१९ च्या सुमाराला, समाजशास्त्र शिकवायला पॅट्रिक गेडिस आले तेव्हा. म्हणजे शिकणारी पोरं यायच्या चाळीस वर्षं आधी पुस्तकांचं घर बांधून तयार! हे त्या टॉवरपेक्षा उंच नाही का रे?

मग इतकी वर्षं मी त्या आंधळ्या आईला का चिकटून बसलो, ते तुला विचारायची गरज नाही. तू आमच्या चाळीतल्या खोलीत यायचास. आई खाटेवरून दर दहा मिनिटांनी विचारायची, "किती वाजले रे?" आणि मी पुस्तकातून मान वर न काढता काहीही सांगायचो. एकदा तू घड्याळ बघून खरी वेळ सांगितलीस. तेव्हा तर तुझा जास्तच राग आला होता. तिच्या तेराव्याला तू टॉवरचा विषय काढला नाहीस, हे मी विसरलेलो नाही.

तुझं काय? सूनबाईंची बातमी कळली, अभिनंदन. नातीचं नाव काय ठेवलं? वहिनींना नमस्कार. पुण्याच्या फ्लॅटचं मार्गी लागलं का?

येत्या रविवारी पुन्हा एक वर्ग आहे. सरळ सांगून टाकू का? कापसाचा पैसा आला, दोन लाख पुस्तकांना, दोन लाख घड्याळाला, मग माणूस बुडाला. पण पोरं विचारतील, मग नाव आईचंच का? त्याचं उत्तर मला येतं, फक्त ओव्हलवर देता येत नाही. शनिवारच्या आत कळव. फोन नको, उचलणार नाही.

तुझा,
मास्तर

ता. क. एकोणऐंशीची पैज मी हरलो. दोन ब्रून मस्का, दोन चहा. व्याज मागशील तर पत्र परत पाठव.