‘शोले’च्या वादकांची आठवण ठेवा
संपादक महोदय,

‘शोले’ म्हटलं की सगळे डायलॉग बोलायला लागतात, पण पंचमदांच्या, म्हणजे आर. डी. बर्मन यांच्या म्युझिकबद्दल कोणी फारसं बोलत नाही याचं खरंच वाईट वाटतं. १९७५ चा पिक्चर, जया भादुरी एकेक दिवा मालवतेय आणि अमिताभ माउथ ऑर्गन वाजवतोय, तो प्रत्यक्षात वाजवला भानू गुप्तांनी, एक शब्द न बोलता दोघांच्या मनातलं सगळं कळतं हो! आपल्या गोव्याच्या कितीतरी वादकांनी मुंबईच्या फिल्म ऑर्केस्ट्रात आयुष्य घालवलं, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस तर लक्ष्मीकांत-प्यारेलाल या संगीतकार जोडीतल्या प्यारेलालजींचे व्हायोलिनचे गुरू. पणजीत इफ्फीच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या वेळी या वादकांवर एक तरी स्वतंत्र कार्यक्रम ठेवा, ही कळकळीची विनंती.

– एक वाचक, म्हापसा