एरी कालव्याचे श्रेय न्यूयॉर्क राज्याचे

अमेरिकेत एरी सरोवर आणि हडसन नदी जोडणाऱ्या एरी कालव्याच्या द्विशताब्दीनिमित्त आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख वाचला. लेख माहितीपूर्ण आहे. मात्र कालव्याचे श्रेय सरसकट अमेरिकेच्या केंद्र सरकारला देण्याचा त्यातील सूर पटला नाही.

वस्तुस्थिती उलट आहे. तेव्हाचे अध्यक्ष जेफरसन यांनी 1809 मध्येच ही कल्पना जवळजवळ वेडेपणाची ठरवली होती. पुढे मार्च 1817 मध्ये अध्यक्ष मॅडिसन यांनी रस्ते-कालव्यांना केंद्राचा निधी देणारे विधेयक नकाराधिकार वापरून फेटाळले. तेव्हा न्यूयॉर्क राज्याने स्वतःचे कर्जरोखे काढून काम हाती घेतले. त्यामागे न्यूयॉर्कचे नेते डेविट क्लिंटन यांचा हट्ट होता. त्याच वर्षी ते राज्याचे गव्हर्नर झाले. 363 मैल लांब, 40 फूट रुंद आणि जेमतेम 4 फूट खोल अशा या कालव्याला विरोधक ‘क्लिंटनचा चर’ म्हणून हिणवत. 1824 मध्ये तर विधिमंडळाने त्यांना कालवा आयोगावरून काढून टाकले, तेही बिनपगारी पदावरून! हा डाव विरोधकांच्याच अंगाशी आला. लोक चिडले आणि नोव्हेंबरमध्ये क्लिंटन पुन्हा गव्हर्नरपदी निवडून आले. पुढच्याच वर्षी कालवा पूर्ण झाला, तेव्हा त्यांनी एरी सरोवराचे पाणी पिंपातून नेऊन न्यूयॉर्कजवळच्या समुद्रात ओतले. एरी सरोवराकाठचे बफेलो ते न्यूयॉर्क टनामागे सुमारे 100 डॉलर पडणारी वाहतूक 10 डॉलरच्या आसपास आली.

1828 मध्ये पदावर असतानाच क्लिंटन वारले, तेव्हा ते कर्जबाजारी होते. लेखात याचा निदान ओझरता उल्लेख हवा होता.

– एक वाचक, नाशिक