मंत्रिमहोदय, डिस्क शाबूत आहे, गेम गेला

मा. माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

स. न. वि. वि.

आपला वेळ मोलाचा आहे, म्हणून थोडक्यात लिहितो. काल एका तक्रार केंद्राचं उत्तर आलं, बावीस दिवसांनी: 'राउटर बंद करून पुन्हा चालू करा.' केला. राउटर ठणठणीत आहे.

तक्रार गेमची होती. लॅमिंग्टन रोडवरून रोख १,९९९ रुपये मोजून आणलेली डिस्क, डबीवर किमतीची चिठ्ठी अजून तशीच. आत घातली की घरघरते आणि पडद्यावर ओळ येते: 'सर्व्हर उपलब्ध नाही.' एकट्याने पळवायच्या गाड्या, त्याला सर्व्हर कशाला लागतो? कंपनीने तो बंद केला, दुकानातूनही गेम काढला. सात वर्षांत जमवलेल्या ४३ गाड्या गेल्या. त्यातल्या पिवळीच्या नंबरप्लेटवर लेकीचं नाव होतं. नाइट शिफ्टवरून आलो की झोपेआधी तिचीच एक फेरी मारायचो. हसा खुशाल.

शेजारचा पोरगा म्हणतो, "काका, गेमला कंपनीने घातलेलं डिजिटल कुलूप फोडून घरच्याच संगणकावर सर्व्हर उभा करतो." पण कॉपीराइट कायद्याचं कलम ६५अ आहे ना! हक्कभंगाच्या हेतूने कुलूप फोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद. माझा हेतू कोण तपासणार, राउटरवाले?

'द क्रू' हा गेम ३१ मार्च २०२४ला असाच बंद पडला. युरोपात लोक उठले, विकलेले गेम असे बंद पाडू नका म्हणून बारा-तेरा लाख सह्या झाल्या. अमेरिकेत २०१०पूर्वीचे ८७ टक्के गेम आता विकतच मिळत नाहीत, असं तिथल्या जतन करणाऱ्यांनी २०२३मध्ये मोजलं. आपल्याकडे कुणी मोजलेलंच नाही, तेव्हा शंभर धरा.

१९५४च्या कायद्याने पुस्तकाची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयात द्यावी लागते. चित्रपटांसाठी पुण्यात १९६४पासून संग्रहालय आहे, तेही बहुतेक मूकपट हरवून बसल्यावर. गेमसाठी काय? विक्री बंद झालेला गेम ग्रंथालयाला कुलूप काढून ठेवू द्या, आणि सर्व्हर बंद करणाऱ्याला तो घरी चालेल असा करून देणं सक्तीचं करा. मागणं एवढंच.

पण मागतोय कुणाकडे? रेशनला गेलो, सर्व्हर डाऊन. सातबारा काढायला गेलो, सर्व्हर डाऊन. निदान तिथे उद्या या म्हणतात.

डिस्क सोबत स्पीड पोस्टाने पाठवतोय. आपल्याकडे चालली तर कळवा. पिवळी गाडी तिसऱ्या रांगेत आहे.

आपला,
एक ग्राहक, डोंबिवली