सातबारा जिवंत झाला, वाटप कधी?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावण्यासाठी शासनाने 2025 साली ‘जिवंत सातबारा’ मोहीम काढली. आमच्या वाडीतही ती पोचली. आमच्या सामाईक सातबारावर आजोबांच्या चार मुलांची नावे होती, तिथे आता 41 नावे आहेत. नावे लागली हे बरेच झाले. पण गावात बऱ्याच जणांची समजूत अशी झाली आहे, की नाव लागले म्हणजे हिस्सा पदरात पडला. आंब्याची कोणती कलमे कोणाची, भाताचा कोणता कुणगा कोणाचा, यातले उताऱ्यावर काहीच नाही. वारसनोंद झाली, वाटप राहिलेच.

मी टपाल खात्यातून निवृत्त झालो. नोकरीला लागलो तेव्हा पिशवीत मुंबईच्या मनीऑर्डरी असायच्या. शेवटी शेवटी वकिलांच्या रजिस्टर नोटिसाच जास्त. एकाच गडग्याच्या अलीकडे-पलीकडे राहणाऱ्या दोन भावांना एकमेकांनी पाठवलेल्या नोटिसा मी एकाच सकाळी दिल्या आहेत. दोघांनीही सही करताना मला चहा विचारला.

आमच्याकडे पूर्वी वाटणी तोंडी होई. फणसापासून वहाळापर्यंत थोरल्याचे, वरचा कातळाचा सडा धाकट्याचा, कलमांची आणि गणपतीची पाळी. ज्यांनी ते ठरवले त्यांच्या हयातीत ते चालले. पुढे फणस पडला, वहाळाने वाट बदलली, आणि हापूसला भाव आल्यावर वरकस म्हणून सोडून दिलेल्या सड्याचीही आठवण सगळ्यांना झाली. गावात राहून कलमांना खत घालणाऱ्याला मुंबईकर भाऊ म्हणतो, “गावात राहतोस म्हणजे मालक झालास काय?” प्रश्न चूक नाही. पण फवारणीचा खर्च कोणी केला, हेही विचारावे. पीककर्जाला गेले की हाच गाववाला सहहिस्सेदारांची संमतीपत्रे गोळा करत विरार-डोंबिवली फिरतो.

बहिणींचे तर बोलायलाच नको. राज्याने 1994 साली आणि केंद्राने 2005 साली वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाच्या बरोबरीने आणले. केंद्राची दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, 9 सप्टेंबर 2005 रोजी, वडील हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2020 मध्ये स्पष्ट केले. तरी आमच्याकडे माहेरवाशीण गौरीला आली की ओवशाच्या सुपाशेजारी हक्कसोडाचा कागद येतोच. सही केली तर भाऊ चांगला, नाही केली तर ती कोर्टबाज. तिने स्वखुशीने सोडले तर प्रश्न नाही, मात्र ते हक्कसोडपत्र नोंदणीकृतच लागते. कोऱ्या स्टँपवर घेतलेली सही पुढे दोन्ही घरांना कोर्टात नेते, हे मी घरातच पाहिले आहे.

आणि कोर्टात तरी काय होते? वाटपाच्या दाव्यात सगळे सहहिस्सेदार पक्षकार करावे लागतात. एक गेला की त्याचे वारस रेकॉर्डवर आणा, मग पुढची तारीख. आमच्या भावकीतल्या दाव्यात मूळ वादी आणि प्रतिवादी दोघेही वारले; आता त्यांचे नातू तारखेला एकाच एसटीने जातात. हुकूमनामा झाला तरी शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फतच व्हायचे, म्हणजे पुन्हा महसूल खाते, पुन्हा मोजणी. तोवर घराचे वासे वाळवी खाते. मुंबई-गोवा महामार्गात जमीन गेलेल्यांनाही याचा अनुभव आहे. मोबदल्याच्या हिश्श्यावरून वाद झाला की राष्ट्रीय महामार्ग कायद्याप्रमाणे तो दिवाणी न्यायालयाकडे जातो. रस्त्यावरून गाड्या धावू लागतात, पैसे तिथेच.

सगळ्यांची संमती असेल तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली तहसीलदारांकडे अर्ज करून वाटप होते, दावा लागत नाही. अडचण संमतीपेक्षा माणसे एकत्र येण्याची आहे. ती येतात गणपतीला आणि मे महिन्यात. म्हणून माझी महसूल खात्याला विनंती आहे, की चतुर्थी ते गौरीविसर्जन या दिवसांत सुट्टी सोडून एखादा दिवस गावोगाव वाटपाचे शिबिर घ्यावे. अर्ज, जबाब, सह्या तेव्हा उरकाव्यात. भाद्रपदात रान माजलेले असते, साखळी टाकता येत नाही. मोजणी मे महिन्यात ठेवावी. नकाशावर हिस्से पडले की मग पोटहिस्स्याचे वेगळे उतारे. ज्या घरात वाद आहे तिथे हे जमणार नाही, मान्य. पण आमच्या वाडीत भांडण नसलेली, केवळ 30-40 सह्यांसाठी अडलेली निदान पाच-सहा खाती मला माहीत आहेत.

यंदा गणपतीची पाळी आमच्याकडे आहे. 41 पैकी बहुतेक जण येणार आहेत. तलाठ्यांनी कागद घेऊन यावे, बसायला पडवी मोठी आहे. मोदकाला लाच म्हणू नये एवढेच.

आपला,
एक निवृत्त पोस्टमन,
ता. राजापूर, जि. रत्नागिरी