वसईच्या भग्न चर्चचे दगड वाचायला शिकवणाऱ्या सरांस

आदरणीय सर,

सविनय नमस्कार.

नववीच्या मुलांसाठी वसई किल्ल्यातील सेंट जोसेफ चर्चची छोटी माहितीपुस्तिका लिहायचे मी ठरवले, तेव्हा तिचे पहिले वाक्य घरूनच लिहून आणले होते: ‘१७३९ साली मराठ्यांच्या तोफांनी हे चर्च उद्ध्वस्त झाले.’ आपण ते वाचलेत, खोडले मात्र नाही. मला भिंतींच्या मधोमध उभे करून आपण एवढेच विचारलेत, की बुरूज शाबूत आहे, भिंती उंचच उंच उभ्या आहेत, मग छप्पर तेवढे कुठे गेले? मला उत्तर देता आले नाही. त्या प्रश्नाबद्दल आणि नंतरच्या चार रविवारांबद्दल आपले आभार मानण्यासाठी हे पत्र आहे. ते मी सर्वांसमोर लिहीत आहे, कारण माझ्यासारखीच समजूत घेऊन या किल्ल्यात येणारे पुष्कळ जण आहेत.

गुजरातच्या बहादूरशहाने डिसेंबर १५३४ च्या तहाने वसई पोर्तुगिजांना दिली आणि त्यानंतर बारा वर्षांनी, १५४६ साली, पोर्तुगालचा राजा तिसरा जुआंव याच्या आज्ञेने हे चर्च उभारण्याचे ठरले, हे मला वाचून माहीत होते. दारावरच्या शिलालेखाकडे मात्र मी नुसती शोभा म्हणून पाहत होते. आपण त्यातील पोर्तुगीज शब्द एकेक करून वाचून दाखवलेत. आर्चबिशप आलेशु द मेनेझिश यांच्या कारकिर्दीत, पेद्रू गाल्व्हांव परैरा हे येथे ‘विकार’, म्हणजे चर्चचे मुख्य धर्मगुरू, असताना, १६०१ साली या ‘मात्रिझ’चे, म्हणजे शहराच्या मुख्य चर्चचे, पुन्हा बांधकाम झाले, असा त्याचा आशय. म्हणजे आपण ज्याला पडके म्हणतो ते मुळातच दुसऱ्यांदा उभे केलेले बांधकाम आहे. पहिले वाक्य मी त्याच संध्याकाळी फाडून टाकले.

पुढच्या रविवारी आपण मला फ्रान्सिस्कन पंथाच्या सेंट अँथनी चर्चमध्ये नेलेत. तेथील फरशीतल्या थडग्यांच्या शिळांवर पाय न ठेवता कसे चालायचे, ते आपण आधी शिकवलेत आणि मगच वाचायला घेतलेत. ‘सेपुल्तुरा’, म्हणजे थडगे, हा शब्द ओळखता आला की बाकीची ओळ उलगडत जाते, हे आपले म्हणणे खरे ठरले. एका शिळेवर नवरा, बायको आणि ‘त्यांचे वारस’ असा उल्लेख आपण दाखवलात. आपल्यामागून आपली मुले-नातवंडे याच जागी विसावतील असे ज्यांनी दगडात कोरून ठेवले, त्यांना हे शहर सोडून जाण्याची वेळ येईल असे वाटलेच नसणार. त्या शिळेपाशी आपण बराच वेळ काही बोलला नाहीत आणि मीही बोलले नाही. या शिलालेखांपैकी अनेकांची नोंद गोव्याचे डॉक्टर जेर्सन द कुन्या यांनी १८७६ च्या आपल्या चौल-वसईवरील ग्रंथात करून ठेवली, म्हणून आज झिजलेली अक्षरेही ताडून पाहता येतात, हेही मला आपल्याकडूनच कळले.

पण माझ्यावर आपले सर्वांत मोठे ऋण आहे ते पडझडीचा क्रम समजावून सांगितल्याचे. १६१८ च्या मे महिन्यातील प्रचंड वादळाने येथील चर्चची छपरे उडवली होती. १६७४ साली मस्कतच्या अरबांनी तटाबाहेरची चर्चे लुटली. आणि १६९५ साली इटालियन प्रवासी जेमेल्ली कारेरी येथे आला तेव्हा प्लेगमुळे शहराचा उत्तरेकडील सुमारे तिसरा हिस्सा ओस पडला होता. चिमाजी आप्पांची फौज तटाला भिडली त्याच्या चाळीसहून अधिक वर्षे आधीची ही गोष्ट आहे. मुंबई १६६५ साली इंग्रजांच्या ताब्यात गेली आणि पुढे व्यापारही हळूहळू तिकडे वळला, हे आपण जोडून सांगितलेत तेव्हा वसईचा उतार मला पहिल्यांदा नीट दिसला. मराठ्यांचे सुरुंग उडाले ते उत्तरेकडील सेबास्तियन बुरुजाच्या बाजूला. हे चर्च त्या बाजूपासून दूर, दर्या दरवाजाजवळ आहे. १६ मे १७३९ रोजी शरणागतीचा करार झाला, शिबंदी सन्मानाने बाहेर पडली आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती लोकांना धर्मपालनाची मोकळीक मिळाली. मात्र जी वस्ती दर पावसाळ्याआधी छप्पर शाकारायची, तीच बरीचशी निघून गेली. लाकडी छपरात एकदा पाणी मुरू लागले की चुन्याच्या भिंतींत पिंपळ रुजायला वेळ लागत नाही. मला वाटते, या चर्चचा खरा शत्रू हाच होता, आणि मुलांना हे सांगणे लढाईच्या वर्णनाइतकेच आवश्यक आहे.

वसईच्या विजयाचा मला अभिमान आहे आणि तो आपण कधी खोडून काढला नाहीत. आपले पूर्वज याच परिसरातले ख्रिस्ती, आपण चर्चला सहज ‘देऊळ’ म्हणता, आणि तरीही वज्रेश्वरीला चिमाजी आप्पांनी केलेल्या नवसाची हकिकत आपणच मला इतक्या आदराने सांगितलीत. येथल्या घंटा विजयचिन्हे म्हणून देशावर गेल्या. नाशिकची नारोशंकराची घंटा आणि वाईजवळच्या मेणवलीची घंटा त्यांपैकीच. त्या परत याव्यात असे आपल्याला वाटते का, असे मी विचारले होते. ‘ज्या गावात वाजल्या, त्या गावच्या झाल्या, फक्त कुठून आल्या ते तिथल्या मुलांना ठाऊक असावे,’ हे आपले उत्तर मी पुस्तिकेत आपले नाव न घेता घेतले आहे. नाव छापायचे नाही ही आपली अट मी येथेही पाळली आहे.

पुस्तिकेचा मसुदा या पत्रासोबत पाठवत आहे. त्यात येशूसंघीयांच्या, म्हणजे जेझुइट पंथाच्या, चर्चवर एक पान वाढवले आहे, कारण वसईत जन्मलेले, येशूसंघीयांकडे शिकलेले आणि १५९७ साली नागासाकीत हुतात्मा झालेले संत गोन्सालो गार्सिया यांच्याशिवाय मुलांना हा किल्ला अपुरा कळेल, असे आपण म्हणाला होतात. पोर्तुगीज नावांचे उच्चार आपण एकदा तपासून द्यावेत, ही विनंती. आपण दिलेली शिलालेखांची वही मी कापडात गुंडाळून जपून ठेवली आहे. येत्या शनिवारी मुलांना घेऊन मी जमीन दरवाजाने आत येईन. वही तेव्हा आपल्या हाती देईन, आणि आपली तब्येत बरी असेल तर १६०१ ची ती ओळ मुलांना आपणच वाचून दाखवावी.

आपली कृतज्ञ,
इतिहासाची एक शिक्षिका